पायऱ्यांच्या शेतांतून एक दिवस

डोंगराच्या उतारावर भात पिकविणें ही मुळांतच उफराटी गोष्ट आहे. भाताला पायाशीं उभें पाणी हवें, आणि उतारावर पाण्याचा पाय ठरत नाहीं. ही अडचण पूर्व आशियांतील डोंगरी लोकांनीं एकाच युक्तीनें सोडविली आहे. पाणी थांबत नसेल तर डोंगरालाच आडव्या पायऱ्या पाडावयाच्या. फिलिपाइन्समधील इफुगाव, चीनच्या युनान प्रांतांतील हानी, आणि विएतनामच्या वायव्य कोपऱ्यांतील ह्मोंग, दाव व झाय हे सर्व ह्या कामांतले कसबी लोक. त्यांपैकीं शेवटच्या तिघांच्या मुलखांतून एका दिवसांत, थोडक्या खर्चांत आणि पायीं कसें जातां येतें, व तेथें गेल्यावर नेमकें काय पाहावयाचें असतें, हा प्रस्तुत विषय आहे.

सापा हें गांव हॅनोइ शहरापासून सुमारें ३२० किलोमीटरांवर, चीनच्या सरहद्दीलगत असलेल्या लाव काय प्रांतांत वसलें आहे. त्याची उंची सुमारें १,५०० मीटर, म्हणजे महाबळेश्वराहूनहि कांहींशी अधिक. विसाव्या शतकाच्या आरंभीं फ्रेंच अंमलदारांनीं खालच्या प्रदेशांतील उकाड्यापासून सुटका व्हावी म्हणून येथें बंगले बांधले. इंग्रजांनीं सह्याद्रींत जें केलें तेंच हें. पुढें लढायांच्या धामधुमींत गांवाची रया गेली. १९९० नंतरच्या आरंभींच्या वर्षांत परदेशी प्रवाशांना दार उघडलें, आणि २०१४ सालीं हॅनोइ ते लाव काय हा द्रुतगति मार्ग झाल्यावर पूर्वीचा रात्रभराचा आगगाडीचा प्रवास बसनें पांचसहा तासांवर आला. २०१६ पासून तर फान्सिपान ह्या ३,१४० मीटरांहून उंच शिखरावर तारेच्या पाळण्यांतून जातां येतें. परिणाम व्हावयाचा तोच झाला आहे. गांवांत उपाहारगृहें, दिव्यांच्या पाट्या व बांधकामाचा खडखडाट ह्यांचीच गर्दी. ज्याला शेतें पाहावयाचीं आहेत त्यानें सापा पाहून परत फिरूं नये. त्याच्या पायथ्याशीं पसरलेल्या मुओंग होआ खोऱ्यांत उतरावें.

उतरण्याची नेहमीची वाट यी लिन्ह हो, लाव चाय व ता वान ह्या वस्त्यांवरून जाते. अंतर दहाबारा किलोमीटर. सकाळीं नवाच्या सुमारास निघालें कीं दुपारचें जेवण खोऱ्यांतील एखाद्या घरीं होतें आणि तिसऱ्या प्रहरीं मोटार परत गांवांत आणून सोडते. वाट दाखविणारी बाई, जेवण व परतीची मोटार हें सर्व धरून, आठदहा जणांच्या टोळींत सामील होणाऱ्यास साधारणपणें वीस-पंचवीस अमेरिकन डॉलरांच्या आंतबाहेर खर्च येतो. खोऱ्यांत शिरण्याचें तिकीट कधीं ह्या रकमेंत असतें, कधीं नसतें. तें आधींच विचारून घेतलेलें बरें. वाट अवघड नाहीं, परंतु पावसाळ्यांत ती निव्वळ चिखलाची असते. गांवांत गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट भाड्यानें मिळतात, ते घ्यावेत. येथें उंची पोषाखाचा अभिमान पहिल्या उताराशींच गळून पडतो.

आतां शेतांकडे पाहूं गेल्यास, लांबून हीं शेतें चित्रासारखीं दिसतात आणि बहुतेक प्रवासी चित्र घेऊनच समाधान पावतात. परंतु जवळ जाऊन पाहिल्यास तें एक चालतें यंत्र आहे असें ध्यानांत येतें. उताराच्या वरच्या अंगाची माती कापून ती खालच्या अंगाला ओढावयाची, तिच्या कडेला बांध घालावयाचा, आणि आंत सपाटी करावयाची, ही पहिली पायरी. सपाटी साधली कीं नाहीं हें पाहण्यास गवंड्याचा पाणसळ लागत नाहीं. खाचरांत पाणी सोडलें कीं उंचवटा आपोआप उघडा पडतो. तेवढा खरवडून काढला कीं झालें. डोंगराचा उतार जितका उभा तितकी पायरी अरुंद. कांहीं खाचरें इतकीं चिंचोळीं कीं त्यांत रेडा वळत नाहीं. तेथें माणसानें कुदळीनेंच काम करावें लागतें.

ह्या खाचरांत पाणी टिकतें कसें, हा खरा प्रश्न. माती नुसती खोदून ठेवली तर पाणी पाझरून जाईल. परंतु वर्षानुवर्षें त्याच जागीं नांगरणी व चिखलणी होत गेल्यानें, रेड्यांच्या खुरांनीं व माणसांच्या पायांनीं तुडवून, वीतभर मऊ चिखलाच्या खालीं एक घट्ट थर बसतो. तो थर म्हणजे खाचराची तळपट्टी. खाचर फार काळ कोरडें पडून तडकलें तर ही तळपट्टी फुटते, पाणी बांधाच्या पोटांत शिरतें, आणि एका पावसाळ्यांत एक पायरी ढांसळून खालच्या दोन पायऱ्यांना घेऊन जाते. इफुगावांच्या मुलखांत कित्येक बांध दगडी आहेत. सापाकडे बहुतेक मातीचे. म्हणून ते दरवर्षीं तासावे व लिंपावे लागतात. आणि म्हणूनच ओल्या बांधाच्या कडेवर पाय देऊं नये असें वाट दाखविणारी बाई वारंवार बजावते. तो तिचा चोखंदळपणा नव्हे. ती कुणाची तरी आठ दिवसांची मेहनत असते.

पाणी येतें माथ्यावरच्या जंगलांतून. होआंग लिएनच्या रांगेवर धुकें जवळजवळ बाराहि महिने रेंगाळत असतें. झाडें व शेवाळ तें पाणी धरून ठेवितात आणि झऱ्यांच्या रूपानें हळूहळू सोडितात. झऱ्यापासून चर काढून, वाटेंत घळ लागली तर बांबूच्या पन्हळींतून, तें सर्वांत वरच्या खाचरांत आणितात. तेथून बांधाला ठेवलेल्या खाचेंतून दुसऱ्यांत, दुसऱ्यांतून तिसऱ्यांत, असें तें नदीपर्यंत उतरतें. म्हणजे वरच्या शेतकऱ्यानें खाच बुजविली तर खालच्याचें भात वाळावयाचें. अशा ठिकाणीं शेजारधर्म ही सोयीची गोष्ट नसून पिकाचीच एक गरज होऊन बसते.

एवढा खटाटोप करूनहि पीक वर्षांतून एकच निघतें, कारण हिंवाळा कडक. मे महिन्याच्या सुमारास खाचरें पाण्यानें भरून आरशासारखीं चमकतात. मे-जूनमध्यें लावणी होते. सप्टेंबरांत भात सोनेरी होऊन कापणीस येतें. प्रवाशांनीं हे दोन हंगाम साधावे. डिसेंबर-जानेवारींत गेलेल्यास बहुधा धुकें आणि रिकामा चिखल एवढेंच दिसतें. २००८ च्या हिंवाळ्यांतील दीर्घ गारठ्यानें उत्तर विएतनामांत हजारों गुरें व रेडे दगावले, आणि त्या वर्षीं नांगराला काय जुंपावें हाच कित्येक घरांपुढें प्रश्न पडला. एका पिकावर घर चालत नाहीं, म्हणून वरच्या कोरड्या उतारावर मका असतो. पूर्वीं ह्मोंग लोक अफूहि पिकवीत; १९९० नंतरच्या दशकांत सरकारनें ती बंद पाडली, आणि तिची जागा पुष्कळ ठिकाणीं जंगलाच्या सांवलींत होणाऱ्या वेलदोड्यानें घेतली. मराठी स्वयंपाकघरांत मसाल्याची मोठी वेलची असते, तिच्याच कुळांतला हा वेलदोडा. तो धुरावर सुकवितात, त्याला सरपण लागतें, आणि सरपण त्याच जंगलांतून येतें जें खाचरांना पाणी पुरवितें! ह्या कोड्याला सोपें उत्तर नाहीं.

विएतनाममध्यें सरकारनें मानलेल्या ५४ जमाती आहेत. त्यांत किन्ह हे बहुसंख्य, शेंकडा पंचाऐंशींच्या आसपास. २०१९ च्या शिरगणतींत ह्मोंगांची संख्या सुमारें १४ लाख व दावांची सुमारें ९ लाख भरली. झाय त्या मानानें फारच थोडे. खोऱ्यांत हे लोक जणूं उंचीप्रमाणें वांटून राहिले आहेत. नदीकांठच्या सखल जागीं ता वानला झायांचीं घरें, त्यांच्या वर लाव चायला ह्मोंगांचीं. झायांची भाषा थाई भाषांच्या घराण्यांतली. ह्मोंग व दाव ह्यांच्या भाषा एका निराळ्याच घराण्यांतल्या, परंतु त्या दोघांनाहि एकमेकांचें बोलणें समजत नाहीं. ह्मोंग लोकांत एकाच कुळाच्या मुलामुलींचें लग्न होत नाहीं. सगोत्र विवाहाचा निषेध ऐकून मोठ्या झालेल्या माणसास हें समजावून सांगण्याची जरूर नाहीं.

ह्या भागांतील ह्मोंगांना काळे ह्मोंग म्हणतात, तें त्यांच्या निळ्या-काळ्या कपड्यांवरून. तागासारख्या एका झाडाचा वाख काढून, त्याचे धागे बायका चालतां चालतां बोटांनीं एकमेकांस जोडीत जातात. विणलेलें कापड निळीच्या आंबविलेल्या पाण्यांत पुन्हां पुन्हां बुडवितात. नंतर त्यावर मेण चोळून तें इतकें घोटतात कीं त्याला धातूसारखी चकाकी येते. रंगणीच्या दिवसांत बायकांचे हात मनगटापर्यंत निळे असतात. वाटेंत विक्रीस येणारें बरेंचसें कापड मात्र यंत्रावर छापलेलें असतें. दोहोंतला फरक ओळखण्याची एक खूण म्हणजे वास. खरें निळीचें नवें कापड नाकाला लगेच कळतें, आणि घाम आला कीं अंगालाहि.

वाट दाखविणाऱ्या बहुतेक बायकाच असतात. त्यांतील पुष्कळजणी शाळेचें तोंड फारसें न पाहतां, केवळ प्रवाशांच्या मागें टोपल्या घेऊन फिरतां फिरतां इंग्रजी शिकल्या. झरझर बोलतात, परंतु लिहितां-वाचतां येतेंच असें नाहीं. जुन्या नियमांप्रमाणें ह्या धंद्याच्या परवान्याला शिक्षणाची अट होती, म्हणून शहरांतून आलेला किन्ह मार्गदर्शक कायदेशीर आणि ह्याच डोंगरांत जन्मलेली बाई बेकायदेशीर, असा प्रकार होई. २०१७ च्या पर्यटन-कायद्यानें विशिष्ट स्थळापुरत्या मार्गदर्शकांची निराळी श्रेणी मानली, तेव्हां त्यांना परवान्याची वाट मोकळी झाली. तरीहि प्रवाशानें दिलेल्या पैशांतून हॉटेलाचा दलाल, मोटारवाला व कंपनी ह्यांचे वांटे वजा जातां तिच्या हातांत काय पडतें, हें विचारणें अप्रशस्त नव्हे. स्वस्त सहलींतील स्वस्ताई बहुधा तिच्या मजुरींतूनच निघालेली असते. कांहीं सहली ह्मोंग स्त्रिया स्वतः चालवितात. त्या दोनचार डॉलरांनीं महाग पडल्या तरी तेच पैसे योग्य घरीं जातात. लहान मुलांकडून मात्र कांहीं घेऊं नये. भर सकाळीं बांगड्या विकणाऱ्या मुलीची कमाई चांगली झाली कीं दुसऱ्या दिवशीं तिला शाळेंत पाठविण्याचें घरच्यांना कारण उरत नाहीं.

पावसाचा अंदाज न पाहतां कुणी निघूं नये. सप्टेंबर २०२४ मध्यें यागी वादळाचा पाऊस ह्या प्रांतावर कोसळला, तेव्हां लांग नू नांवाची एक वस्ती चिखलाच्या लोंढ्याखालीं गेली व कित्येक माणसें मेलीं; मुओंग होआ खोऱ्यांतहि दरडी कोसळून बळी गेले. वाट दाखविणारी बाई "आज जाऊं नये" म्हणाली, तर भरलेले पैसे बुडाले तरी चालतील, परंतु तिच्याशीं वाद घालूं नये.

ता वानच्या वाटेवर शेतांमधून मोठाले खडक दिसतात व त्यांवर माणसांच्या आकृति, रेघा व चौकटी कोरलेल्या आहेत. १९२५ सालीं व्हिक्टर गोलुबेव्ह ह्या संशोधकानें ते जगापुढें आणिले. ते कुणी कोरले ह्याविषयीं विद्वानांत एकमत नाहीं. कांहीं रेघा शेतांच्या पायऱ्यांसारख्या आहेत असें मानणारेहि आहेत, आणि शेजारच्या खाचरांकडे पाहिल्यावर तसें वाटणें साहजिक आहे. टोळ्या येथें फार थांबत नाहींत, कारण मोटार खोळंबलेली असते. चढ चढून ती लाव चायच्या वरच्या रस्त्याला लागली कीं वाट दाखविणारी बाई हात करून ती थांबविते, पाठीवरची टोपली सांवरते आणि खालच्या बांधावरून घराकडे चालूं लागते. सापापर्यंत जाण्याचें तिला कांहीं काम नसतें.