फाइल लहान, काम मोठे

शाळेच्या स्नेहसंमेलनाचे हाय डेफिनिशन चित्रण उत्तम झालेले असते. पण ते संकलनासाठी जुन्या सॉफ्टवेअरमध्ये घेतले, की चित्र अडखळू लागते. कधी कधी फाइल उघडतच नाही. असे का व्हावे?

थोडा हिशोब करू. १९९५ साली आलेल्या डीव्ही पद्धतीत, आपल्याकडील पाल मानकाप्रमाणे, एका चित्रात ७२० × ५७६ म्हणजे ४,१४,७२० ठिपके असत. त्यासाठी सेकंदाला सुमारे २.५ कोटी बिट लागत. सोनी आणि पॅनासॉनिक यांनी २००६ साली एव्हीसीएचडी पद्धत जाहीर केली. तिच्यातील १९२० × १०८० ठिपक्यांचे चित्र बरोबर पाचपट मोठे; पण मूळ मर्यादा मात्र सेकंदाला २.४ कोटी बिटांचीच! हे कसे साधले?

वर्गाचा हजेरीपट डोळ्यांसमोर आणा. सोमवारी सर्वांची नावे लिहिली आणि मंगळवारी एवढेच लिहिले, ‘कालच्याप्रमाणेच, फक्त दोघे गैरहजर.’ कागद वाचला खरा. पण शुक्रवारी कोण हजर होते, हे कळायला सोमवारपासून वाचत यावे लागेल. एव्हीसीएचडीत असेच असते. अधूनमधून एखादे चित्र पूर्ण साठवतात; मधल्या चित्रांत मुख्यतः फरकच नोंदवतात. काही चित्रे तर मागच्या आणि पुढच्या अशा दोन्ही चित्रांच्या आधाराने उभी करावी लागतात. डीव्हीत मात्र प्रत्येक चित्र स्वतंत्र असे.

संकलन करताना आपण मागे-पुढे जातो, वाटेल तेथे कापतो. दर वेळी संगणकाला आधीची चित्रे उलगडून हवे ते चित्र तयार करावे लागते. डीव्हीसाठी लिहिलेले सॉफ्टवेअर येथेच दमते.

यावर उपाय म्हणजे चित्रणाचे आधी रूपांतर करणे. डीएनएक्सएचडी किंवा प्रोरेस या रूपांत प्रत्येक चित्र पुन्हा स्वतंत्र होते. त्याची किंमत जागेत मोजावी लागते. सेकंदाला २.४ कोटी बिटांचे तासाभराचे चित्रण १०.८ अब्ज बाइट जागा घेते. तेच १२ कोटी बिटांच्या रूपात ५४ अब्ज बाइट होते. जागा पाचपट लागली, पण प्रक्रियकाचे श्रम कमी झाले.

रूपांतराने चित्राचा दर्जा मात्र वाढत नाही. कॅमेऱ्याने न टिपलेला तपशील मागाहून येणार कोठून? म्हणून मूळ चित्रण कधीही पुसू नये. कार्डावरील सर्व फोल्डर जसेच्या तसे उतरवून ठेवावे, कारण लांब चित्रण अनेक फाइलींत विभागलेले असते. फाइल पुन्हा बदलता येईल. स्नेहसंमेलन पुन्हा होणार नाही.