शकुंतला, माथेरान आणि ‘नॅरोगेज’: गैरसमज आणि वस्तुस्थिती

यवतमाळ जिल्ह्यातल्या मारेगावात रेल्वे नाही. गाडी धरायची तर पूर्वेला वणी आहे, तिथून माजरी–वणी–पिंपळखुटी–आदिलाबाद हा ब्रॉडगेज मार्ग जातो. पश्चिमेला यवतमाळ आहे, तिथली ‘शकुंतला’ ही गाडी नॅरोगेज होती. एकाच जिल्ह्यात रुळांच्या दोन जाती असल्यामुळे गप्पांमध्ये बरीच सरमिसळ होते. त्यातले नेहमीचे गैरसमज असे.

गैरसमज: गेज म्हणजे डब्याची किंवा स्लीपरची रुंदी.
वस्तुस्थिती: दोन रुळांच्या डोक्यांच्या आतल्या कडांमधलं अंतर म्हणजे गेज. टेप लावायची ती आतून आत. स्लीपर दोन्हीकडे रुळांच्या बाहेर येतात आणि डबाही रुळांपेक्षा बराच रुंद असतो, म्हणून नुसत्या नजरेचा अंदाज हमखास चुकतो. भारतीय ब्रॉडगेज १६७६ मिमी, म्हणजे साडेपाच फूट. मीटरगेज नावाप्रमाणेच १००० मिमी.

गैरसमज: नॅरोगेज म्हणजे एकच माप, शकुंतला आणि माथेरानची गाडी एकाच जातीच्या.
वस्तुस्थिती: भारतात नॅरोगेज या एका नावाखाली प्रामुख्याने दोन मापं येतात. यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर ही शकुंतला ७६२ मिमीची, म्हणजे अडीच फुटी. १९०७ साली सुरू झालेली नेरळ–माथेरान ६१० मिमीची, म्हणजे दोन फुटी. फरक सहाच इंचांचा, पण एकीचं इंजिन दुसरीच्या रुळांवर चालणार नाही. रेल्वेच्या दफ्तरात ही गल्लत होत नाही. डिझेल इंजिनाच्या वर्गनावाचं पहिलं अक्षरच गेज सांगतं: ब्रॉडगेजला डब्ल्यू, मीटरगेजला वाय, ७६२ मिमीला झेड आणि ६१० मिमीला एन. इंजिनावर ‘झेडडीएम’ दिसलं तर ते अडीच फुटी. माथेरानच्या इंजिनावर ‘एनडीएम’ असतं.

गैरसमज: मीटरगेजही नॅरोगेजच.
वस्तुस्थिती: कोणाच्या हिशेबाने, यावर उत्तर ठरतं. जगात प्रमाण गेज १४३५ मिमी मानतात आणि त्याहून अरुंद ते सगळं नॅरो, त्यामुळे त्या हिशेबात मीटरगेजही नॅरोच. भारतीय रेल्वेने मात्र मीटरगेज हा वेगळा वर्ग ठेवला आणि नॅरो हे नाव त्याखालच्या मापांना दिलं. अकोल्याहून खंडव्याला जाणारी जुनी गाडी मीटरगेज होती. उटीची दात्यांच्या रुळावरून चढणारी गाडीही मीटरगेजच आहे, लोक तिला सर्रास नॅरोगेज म्हणतात तरी. गंमत म्हणजे नागपूर मेट्रो १४३५ मिमीची आहे. दिसायला नवीकोरी, पण रुळांमधलं अंतर वणीच्या मालगाडीपेक्षा कमी.

गैरसमज: नॅरोगेज डोंगरासाठीच असते.
वस्तुस्थिती: घाटात तिचा फायदा होतो, कारण तिला तीव्र वळणं घेता येतात. पण महाराष्ट्रातले मोठे नॅरोगेज मार्ग सपाटीवर होते. शकुंतला वऱ्हाडातल्या काळ्या जमिनीतून धावली, ती कापसासाठी. अरुंद मार्गाला भराव, पूल, रूळ सगळंच कमी खर्चाचं पडतं. त्याची किंमत मोजावी लागली मूर्तिजापूरला: मुंबई–नागपूर मुख्य मार्ग ब्रॉडगेज, त्यामुळे छोट्या वॅगनमधल्या गाठी उतरवून मोठ्या वॅगनमध्ये भरायच्या. कमी खर्चात बांधलेल्या मार्गाला हा हमालीचा भुर्दंड कायमचा चिकटला.

गैरसमज: लाइट रेल्वे, टॉय ट्रेन ही गेजची नावं आहेत.
वस्तुस्थिती: ‘लाइट’चा संबंध प्रामुख्याने हलक्या बांधणीशी आणि चाकांवर पडणाऱ्या भाराशी. १८९७ साली सुरू झालेली बार्शी लाइट रेल्वे याचं ठळक उदाहरण. तिचे अभियंते एव्हरार्ड कॅलथ्रॉप यांनी प्रत्येक आसावरचा भार पाच टनांच्या मर्यादेत ठेवला आणि ७६२ मिमीवर मोठ्या वॅगन चालवून दाखवल्या. पुढे हा मार्ग पंढरपूर, लातूर आणि १९२७ मध्ये मिरजेपर्यंत गेला. ‘टॉय ट्रेन’ हे तर निव्वळ पर्यटकी लाडाचं नाव. माथेरान ६१०, कालका–सिमला ७६२ आणि उटी १००० मिमी. तिघींनाही टॉय ट्रेनच म्हणतात.

गैरसमज: शकुंतला ब्रिटिश सरकारच्या मालकीची होती.
वस्तुस्थिती: मालकी सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे या खासगी कंपनीची. तिचा कारभार किलिक निक्सन ही संस्था पाहायची. गाड्या चालवल्या आधी ग्रेट इंडियन पेनिन्सुला (जीआयपी) रेल्वेने आणि पुढे मध्य रेल्वेने, करारानुसार. स्वातंत्र्यानंतर बहुतेक खासगी रेल्वे सरकारने ताब्यात घेतल्या, त्यात ही राहून गेली. ‘शकुंतला’ हे लोकांच्या तोंडी बसलेलं नाव.

गैरसमज: वर्धा–यवतमाळ–नांदेड मार्गामुळे जिल्ह्यात ब्रॉडगेज पहिल्यांदाच आली.
वस्तुस्थिती: या मार्गाचा वर्धा–कळंब टप्पा फेब्रुवारी २०२४ मध्ये सुरू झाला. पण वणी याच जिल्ह्यात आहे आणि तिथे ब्रॉडगेज आधीपासून आहे. यवतमाळ शहरासाठी ती नवी, जिल्ह्यासाठी नाही.

शाळेच्या प्रकल्पात, स्मरणिकेत किंवा जुन्या फोटोखाली नुसतं ‘नॅरोगेज’ लिहून थांबू नका. पुढे ७६२ की ६१० तेही लिहा. खात्री करायची तर चालू मार्गावर टेप घेऊन उतरू नका, नागपूरला मोतीबागेत नॅरोगेज रेल्वे संग्रहालय आहे, तिथे जा.