वाघिणीचे दांत

पनवेलहून द्रुतगति महामार्गानें पुण्याकडे निघालें कीं थोड्याच वेळांत भाताणचा बोगदा लागतो. तेथून जातांना आम्हांस दरवेळीं एका वाणीचें स्मरण होतें. दि. १२ फेब्रुवारी २००१ रोजीं वाईहून मुंबईस परतत असतां याच बोगद्यानजीक मोटार-अपघातांत भक्ति बर्वे-इनामदार कालवश झाल्या.

रंगभूमीवरील भक्तिबाई सर्वांस ठाऊक आहेत. दूरदर्शनवरील भक्तिबाई मात्र विस्मृतींत जात आहेत. सन १९४८ मध्यें सांगलीस जन्मलेल्या या बाई सुधा करमरकर यांच्या बालरंगभूमीवर वाढल्या. दि. २ ऑक्टोबर १९७२ रोजीं मुंबई दूरदर्शन सुरू झालें आणि आरंभीच्या काळांत मराठी बातम्या देणाऱ्यांत त्या होत्या. शेजाऱ्यांच्या घरीं त्या बातम्या लागल्या कीं आमचे तीर्थरूप आम्हां मुलांस म्हणत, “बातमी राहूं द्या, उच्चार ऐका.” वाघीण पिलांस दांतांत धरून नेते, परंतु त्यांस पडूं देत नाहीं आणि दांतही लागूं देत नाहीं, वर्ण तसे उच्चारावे, असें पाणिनीय शिक्षेंत सांगितलें आहे. त्याचें उदाहरण आम्हांस तेथें मिळालें.

आणि याच बाईंनीं १९७५ मध्यें पु. ल. देशपांडे यांच्या ‘ती फुलराणी’ नाटकांत अशुद्ध बोलणारी मंजुळा उभी केली! बर्नार्ड शॉ यांच्या ‘पिग्मॅलियन’वरून बेतलेल्या या नाटकांत एक प्राध्यापक पैजेखातर फुलवालीस शुद्ध भाषा शिकवितो; तिला मन आहे, एवढेंच विसरतो. आम्हीं तें पाहून टाळ्या वाजविल्या.

पुढें आम्ही शिक्षक झालों. एका आगरी विद्यार्थ्यानें वर्गांत ‘पाणी’ऐवजीं ‘पानी’ वाचलें. आम्ही हंसलों, अर्थातच वर्गही हंसला. त्यानंतर तो मुलगा वाचावयास कधीं उभा राहिला नाहीं. प्राध्यापकाच्या जागीं आपणच बसलों आहों, हें आमच्या ध्यानीं फार उशिरां आलें.

भक्तिबाईंस १९९० मध्यें संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार लाभला. आमच्या लेखीं त्यांची थोरवी निराळी आहे. बातम्यांची प्रमाण भाषा त्यांनीं ज्या निगुतीनें उच्चारली, त्याच निगुतीनें मंजुळेची बोलीही उच्चारली. एकीस मान आणि दुसरीस हंसें, असा भेद केला नाहीं.

वर्ण पडूं देऊं नये, एवढें आम्हीं जन्मभर शिकविलें. दांतही लागूं देऊं नये, हा त्याच वचनाचा दुसरा अर्धा भाग मात्र आम्हीं पाळला नाहीं.