धंद्याचे कागद (भाग ५) : ओटीपी कुणाच्या मोबाइलवर येतो?

जीएसटी नंबरच्या ऑनलाइन अर्जाचं पहिलं पान अगदी छोटं आहे. राज्य, जिल्हा, पॅनवरचं नाव, पॅन नंबर, ई-मेल आणि मोबाइल एवढंच तिथे विचारतात. पाच मिनिटांत भरून होतं, म्हणून बहुतेक जण ते दुसऱ्याकडूनच भरून घेतात. माझ्या मते अख्ख्या अर्जातल्या सर्वांत महत्त्वाच्या दोन चौकटी याच पानावर आहेत : ई-मेल आणि मोबाइल. पुढचा प्रत्येक ओटीपी, खात्याची प्रत्येक नोटीस, पोर्टलवर पहिल्यांदा शिरण्यासाठीचं युजरनेम आणि पासवर्ड, सगळं या दोन ठिकाणी येतं. तिथे कन्सल्टंटचा किंवा सायबर कॅफेवाल्याचा नंबर पडला, तर दुकान तुमचं आणि किल्ली त्याच्या खिशात, अशी अवस्था होते.

गेल्या भागात आपण उद्यम नोंदणी आणि बँकेतलं चालू खातं पाहिलं. आज जीएसटी क्रमांक. अर्जाला हात घालण्याआधी आपल्याला तो लागतो की नाही हे ठरवू, कारण गरज नसताना नंबर घेऊन ठेवणारे आणि गरज असताना न घेणारे, दोघंही अडचणीत येतात.

महाराष्ट्रात आणि गोव्यात निव्वळ मालाचा धंदा करणाऱ्याला वर्षाच्या ४० लाख रुपयांच्या उलाढालीपर्यंत नोंदणीची सक्ती नाही. सेवा देणाऱ्यासाठी ही मर्यादा २० लाखांची आहे. आइस्क्रीम, पानमसाला, तंबाखू, विटा अशा काही मालांना ४० लाखांची सवलत मिळत नाही. इथे नफा धरायचा नाही, विक्री धरायची. आणि ती एका पॅनवरच्या सगळ्या धंद्यांची मिळून धरायची. घरचं किराणा दुकान ३० लाखांचं आणि त्याच माणसाच्या नावावरची पिठाची गिरणी १२ लाखांची असेल, तर कायद्याच्या दृष्टीने तो एकच माणूस आहे. मर्यादा ओलांडल्यापासून ३० दिवसांत अर्ज करायचा असतो.

पण आपल्याकडे सर्वांत जास्त घोटाळा होतो तो राज्याच्या हद्दीवर. समजा, कोल्हापुरात एक ताई घरी कांदा-लसूण चटणी करतात. वर्षाची विक्री सहा-सात लाखांची. शहरातल्या दुकानांना माल देतात, तोवर त्यांना नोंदणीची गरज नाही. मग निपाणीचा एक दुकानदार म्हणतो, मला महिन्याला पन्नास किलो पाठवा. निपाणी जवळच, बोलणं मराठीत, दुकानदार कदाचित नात्यातलाच. तरीही ते कर्नाटक आहे. दुसऱ्या राज्यात माल विकला की ४० लाखांची मर्यादा लागूच होत नाही, पहिल्या बिलापासून नोंदणी घ्यावी लागते. सावंतवाडीहून म्हापशाला खाजं किंवा लाकडी खेळणी पाठवणाऱ्याने, सोलापूरहून विजयपूरला टॉवेल पाठवणाऱ्याने हे आधी तपासून घ्यायला हवं. हस्तकलेच्या ठरावीक वस्तूंना यात सूट आहे. सेवा देणाऱ्यालाही परराज्यातलं गिऱ्हाईक चालतं, त्याची २० लाखांची मर्यादा तशीच राहते. चटणीला मात्र ही सूट नाही. चटणी ऑनलाइन बाजारपेठेवर विकायची आणि फक्त महाराष्ट्रातच विकायची असेल, तर १ ऑक्टोबर २०२३ पासून लहान विक्रेत्यांना पूर्ण नोंदणीऐवजी नुसता नावनोंदणी क्रमांक घेऊन भागवता येतं.

याच ताईंना कुणीतरी कंपोझिशन योजना सुचवेल. दीड कोटीपर्यंतच्या व्यापाऱ्याला आणि उत्पादकाला उलाढालीवर फक्त एक टक्का कर, हे ऐकायला छान वाटतं आणि अनेकांसाठी ते खरोखर चांगलंही आहे. पण या योजनेत दुसऱ्या राज्यात माल विकता येत नाही आणि गिऱ्हाइकाकडून वेगळा कर घेता येत नाही. निपाणीच्या मागणीसाठीच नंबर काढायचा असेल, तर ही योजना त्यांच्या उपयोगाची नाही. अर्जात कंपोझिशनचा प्रश्न सुरुवातीलाच येतो आणि लोक विचार न करता ‘हो’ करून मोकळे होतात.

आता अर्ज. जीएसटीचं पोर्टल १ जुलै २०१७ पासून, म्हणजे हा कर लागू झाल्यापासून, देशभर एकच आहे. नोंदणीला सरकारी फी एक रुपयाही नाही. कुणी ‘सरकारी चलन’ म्हणून पैसे मागितले, तर ते त्याच्या खिशात जाणार आहेत. अर्ज भरून देण्याची मजुरी मागितली तर ती योग्य आहे, पण तिला मजुरीच म्हणावं.

मिळणारा क्रमांक १५ अक्षर-अंकांचा असतो. पहिले दोन अंक राज्याचे, महाराष्ट्राचे २७ आणि गोव्याचे ३०. पुढची दहा अक्षरं म्हणजे तुमचा पॅन, जशाच्या तसा. तेरावं अक्षर त्या राज्यात त्या पॅनवरची ही कितवी नोंदणी आहे ते सांगतं, चौदावं बहुतेक वेळा ‘झेड’ असतं आणि पंधरावं आकडा बरोबर आहे का हे तपासण्यासाठी असतं. म्हणजे या क्रमांकाचा गाभाच पॅन आहे. एकट्या मालकाच्या धंद्याला त्याचा स्वतःचा पॅन, भागीदारी असेल तर भागीदारी संस्थेचा पॅन. दोघा भावांनी धंदा सुरू केला आणि नोंदणी थोरल्याच्या पॅनवर केली, तर कायद्याच्या नजरेत धाकटा त्या धंद्यात नाहीच. नंतर पॅन बदलता येत नाही, नवीनच नोंदणी घ्यावी लागते.

पॅनवरचं नाव अर्जात अक्षरन् अक्षर तसंच हवं. इथे आपल्याकडच्या बायकांची मोठी कुचंबणा होते. पॅनवर माहेरचं नाव, आधारवर सासरचं, वीजबिलावर सासऱ्यांचं. पुरुषांच्या बाबतीतही एका ठिकाणी वडिलांचं पूर्ण नाव आणि दुसऱ्या ठिकाणी नुसतं आद्याक्षर असतं. अर्ज सुरू करण्याआधी पॅन आणि आधार एकमेकांशी जुळवून घ्या, आणि आधारला जोडलेला मोबाइल चालू आहे का ते पाहा. त्यात दोन आठवडे गेले तरी जाऊ द्या, ते पुढे वाचतात.

पहिलं पान भरलं की मोबाइलवर एक आणि ई-मेलवर एक असे दोन वेगळे ओटीपी येतात. ते टाकले की तात्पुरता संदर्भ क्रमांक मिळतो, पोर्टलवर त्याला टीआरएन म्हणतात. तो १५ दिवस चालतो. तेवढ्या मुदतीत अर्जाचा दुसरा भाग पूर्ण करायचा, नाहीतर पुन्हा पहिल्यापासून. दुसऱ्या भागात दहा टॅब आहेत. बहुतेक सरळ आहेत : धंद्याची माहिती, मालकाची माहिती आणि १०० केबीच्या आतला फोटो, विकायच्या मुख्य मालाचे कोड. त्यात एक टॅब ‘अधिकृत प्रतिनिधी’ या नावाचा आहे. कन्सल्टंटचं नाव लिहायची जागा ती. अर्जातच त्याच्यासाठी वेगळी जागा ठेवलेली असताना पहिल्या पानावर त्याचा मोबाइल घालण्याचं काहीही कारण उरत नाही. नोंदणी झाल्यावर पोर्टलवरून जीएसटी प्रॅक्टिशनर नेमता येतो आणि काढताही येतो. तो त्याच्या लॉगिनमधून तुमचं काम करतो. तुमचा पासवर्ड त्याला लागत नाही.

सगळ्यात जास्त अर्ज अडकतात ते जागेच्या कागदांवर. जागा स्वतःची असेल तर चालू घरपट्टीची पावती किंवा वीजबिल यांपैकी एखादा कागद पुरतो, गावात ग्रामपंचायतीचा नमुना ८ चा उतारा उपयोगी पडतो. भाड्याची असेल तर भाडेकरार आणि जागामालकाच्या मालकीचा एक पुरावा. घरातूनच धंदा करता आणि घर सासऱ्यांच्या किंवा भावाच्या नावावर आहे, तर साध्या कागदावरचं त्यांचं संमतिपत्र, त्यांची ओळख पटवणारा कागद आणि मालकीचा एक पुरावा. गावोगावी अडचण अशी, की वीजबिल अजून आजोबांच्या नावावर येतं आणि आजोबा जाऊन वीस वर्षं झालेली असतात. गेलेल्या माणसाचं संमतिपत्र मिळत नाही. अशा वेळी बिलाच्या मागे लागू नका, घरपट्टी किंवा उतारा हयात वारसाच्या नावावर करून घ्या आणि संमती त्याची जोडा.

कागदांवरून होणाऱ्या छळाबद्दल एक गोष्ट प्रत्येक अर्जदाराला माहीत असली पाहिजे. केंद्रीय अप्रत्यक्ष कर मंडळाने १७ एप्रिल २०२५ रोजी आपल्या अधिकाऱ्यांना लेखी सूचना दिली (क्रमांक ०३/२०२५). जागेच्या मालकीचा एक पुरावा जोडलेला असताना आणखी मागू नका, मालकाचा पॅन, आधार, फोटो यांची मागणी करू नका, भाडेकरार नोंदणीकृत असेल तर मालकाच्या ओळखपत्राचीही गरज नाही, असं त्यात स्पष्ट म्हटलं आहे. अर्जदार राहतो एका शहरात आणि धंदा दुसऱ्या शहरात कसा, असले तर्काचे प्रश्न विचारू नयेत असंही आहे. लहान व्यापाऱ्याच्या बाजूने इतकं स्वच्छ लिहिलेलं पत्रक विरळाच. ते आहे हेच माहीत नसल्याने लोक निमूटपणे पाचवी-सहावी झेरॉक्स जोडत राहतात.

अर्ज सादर करताना कंपनी आणि एलएलपी यांना डिजिटल सही लागते, बाकीच्यांचं ओटीपीवर भागतं. मग आधारची पडताळणी. काहींना त्यासाठी मोबाइलवर लिंक येते. यंत्रणेला जोखमीचे वाटलेले अर्ज मात्र बाजूला काढले जातात, आणि त्या अर्जदारांना वेळ ठरवून, मूळ कागद घेऊन जीएसटी सुविधा केंद्रात बोटांचे ठसे द्यायला जावं लागतं. खोट्या बिलांसाठी दुसऱ्याच्या कागदांवर कंपन्या उभ्या करणाऱ्यांना रोखण्यासाठी ही व्यवस्था आली. त्रास होतो हे खरं, पण ती हवीच होती असं मला वाटतं.

पडताळणी नीट झाली तर अधिकाऱ्याने सात कामकाजाच्या दिवसांत निर्णय द्यायचा असतो. त्याने काहीच केलं नाही तर अर्ज मंजूर झाला असं कायदा मानतो. आधार पडताळणी केली नाही किंवा अर्ज जोखमीचा ठरला, तर जागेची प्रत्यक्ष पाहणी होते आणि मुदत ३० दिवसांची होते. १ नोव्हेंबर २०२५ पासून आणखी एक सोपी वाट खुली आहे : नोंदणीकृत गिऱ्हाइकांना केलेल्या विक्रीवरचा कर महिन्याला अडीच लाखांच्या वर जाणार नसेल, तर नियम १४अ खाली तीन कामकाजाच्या दिवसांत नोंदणी मिळते. आपल्या चटणीवाल्या ताईंसाठी हीच वाट.

अर्जात काही शंका निघाली तर अधिकारी आरईजी-०३ ही नोटीस पाठवतो आणि उत्तराला सात कामकाजाचे दिवस देतो. उत्तर गेलं नाही तर अर्ज फेटाळला जाऊ शकतो. ही नोटीस घरी पोस्टाने येत नाही. ती पहिल्या पानावरच्या ई-मेलवर येते. तो ई-मेल दुसऱ्याचा असेल, तर मुदत संपून अर्ज गेल्याचं तुम्हाला कळतसुद्धा नाही.

नंबर मिळाल्यावर बँक खात्याचा तपशील ३० दिवसांत, किंवा विक्रीचं पहिलं विवरणपत्र भरण्याआधी, यांतलं जे आधी येईल तोवर पोर्टलवर द्यायचा असतो. तो दिला नाही तर नोंदणी स्थगित होते. विक्री शून्य असली तरी विवरणपत्र भरावंच लागतं. लागोपाठ भरलं नाही तर विलंब शुल्क चढत जातं आणि शेवटी नोंदणी रद्द होते. हौस म्हणून नंबर घेणाऱ्यांनी याचा विचार आधी करावा.

ज्यांचा नंबर आधीच निघाला आहे त्यांनीही एक काम या आठवड्यातच करावं. पोर्टलवर आपल्या नोंदणीवरचा मोबाइल आणि ई-मेल कुणाचा आहे ते बघा. दुसऱ्याचा असेल आणि तो माणूस सहकार्य करत असेल, तर लॉगिन करून बदलून घ्या. करत नसेल, तर ओळखीचे आणि धंद्याचे कागद घेऊन आपल्या हद्दीच्या जीएसटी अधिकाऱ्याकडे जा. तुमचा मोबाइल आणि ई-मेल नोंदवून पासवर्ड नव्याने देण्याची सोय त्याच्याकडे आहे. आणि ज्यांनी नंबर कधी काढलाच नाही, त्यांनी पोर्टलवर लॉगिन न करता करता येणाऱ्या शोधात आपला पॅन टाकून पाहावा. आपल्या नावावर भलत्याच राज्यात एखादी कंपनी चालू आहे का, ते तिथे दिसतं. दिसली तर पोर्टलवर तक्रार नोंदवा, पोलिसांत अर्ज द्या, आणि दोन्हींच्या पोचपावत्या जपून ठेवा.

पुढच्या भागात पहिलं बिल कसं लिहायचं ते पाहू. तोवर प्रमाणपत्राची प्रत काढून दुकानात दिसेल अशी लावा आणि दारावरच्या पाटीवर नंबर रंगवून घ्या, नियमाप्रमाणे दोन्ही सक्तीचं आहे.