संकरित पिकाचे घरचे बियाणे का फसते? गुणसूत्रांतील देवाणघेवाण समजून घ्या

संकरित मका, कपाशी किंवा टोमॅटोचे पीक चांगले आले की त्यातलेच बियाणे राखून पुढच्या हंगामात पेरावे, असा विचार मनात येतो. थैलीचा खर्च वाचेल, असे वाटते. प्रत्यक्षात पुढच्या वर्षी उंच-बुटकी, लवकर-उशिरा येणारी झाडे एकाच शेतात दिसतात आणि उत्पादन घटते. जमीन, खत, पाणी तेच असूनही असे होते. कारण फुलात परागकण व अंडपेशी तयार होताना गुणसूत्रांची फेरमांडणी झालेली असते.

गुणसूत्रांच्या जोड्या

झाडाच्या पेशीत गुणसूत्रे जोडीने असतात. मक्यात १०, भातात व टोमॅटोत १२, तर अमेरिकन कपाशीत २६ जोड्या असतात. जोडीतील एक गुणसूत्र मादी पालकाकडून व दुसरे नर पालकाकडून आलेले असते. उंची, दाण्याचा रंग, रोगप्रतिकारकता असे गुण ठरवणारी जनुके त्यांवर ओळीने बसलेली असतात.

परागकणात व अंडपेशीत प्रत्येक जोडीतील एकच गुणसूत्र जाते. त्यासाठी होणाऱ्या विभाजनाला अर्धगुणसूत्री विभाजन (मायोसिस) म्हणतात. मक्यात तुरा पोंग्यात असतानाच परागकणांसाठीचे हे विभाजन होते.

देवाणघेवाण कशी होते?

१. प्रत्येक गुणसूत्राची प्रत तयार होते. मूळ धागा व प्रत एकमेकांना चिकटून राहतात.
२. जोडीतील दोन्ही गुणसूत्रे जवळ येऊन एकमेकांशी जुळतात.
३. दोघांचा एकेक धागा सारख्याच जागी तुटतो आणि तुकड्यांची अदलाबदल होऊन पुन्हा जोडला जातो. यालाच पारगती (क्रॉसिंग ओव्हर) म्हणतात. साधारणपणे एका जोडीत ती एक ते तीन ठिकाणी होते.
४. मग जोड्या वेगळ्या होतात आणि दोन टप्प्यांच्या विभाजनातून चार पेशी तयार होतात.

पारगती झाली नसती, तरी मक्याच्या १० जोड्यांतून परागकणांचे १,०२४ प्रकार झाले असते. पारगतीमुळे ही संख्या मोजण्यापलीकडे जाते. मात्र गुणसूत्रावर अगदी शेजारी असलेली जनुके क्वचितच वेगळी होतात. दूरची जनुके सहज वेगळी होतात.

याचा प्रत्यक्ष पुरावा मक्यातच मिळाला. १९३१ मध्ये अमेरिकेत हॅरिएट क्रेटन व बार्बरा मॅक्लिंटॉक यांनी नवव्या गुणसूत्राच्या दोन्ही टोकांना सूक्ष्मदर्शकात ओळखू येतील अशा खुणा असलेला मका वापरला. ज्या दाण्यांत रंग व मेणचटपणा या गुणांची नवी जुळणी झाली होती, त्यांच्या गुणसूत्रांवरील खुणांचीही अदलाबदल झालेली दिसली.

संकरित आणि सरळ वाणातील फरक

संकरित झाडातील जोडीची दोन्ही गुणसूत्रे वेगवेगळ्या पालकांची असतात. पहिल्या पिढीतील सर्व झाडे सारखी दिसतात, कारण सर्वांना तोच संच मिळालेला असतो. त्यांचे दाणे पेरल्यावर मात्र प्रत्येक झाडात वेगळी जुळणी येते. संकरजोम ज्या भिन्न जनुक-जोड्यांमुळे मिळतो, त्या दुसऱ्या पिढीत सरासरी निम्म्यावर येतात. कपाशीत बीटी जनुक एकाच पालकाकडून आले असेल, तर स्वपरागीकरणातून आलेल्या दुसऱ्या पिढीत सरासरी चारपैकी एका झाडात ते नसते. अशा झाडावर बोंड अळीला मोकळे रान मिळते.

सोयाबीनसारख्या स्वपरागसिंचित पिकाच्या सरळ वाणात जोडीची दोन्ही गुणसूत्रे जवळपास एकसारखी असतात. त्यामुळे अदलाबदल झाली तरी फरक पडत नाही. ऊस बेण्यापासून आणि हापूस कलमापासून वाढवला जातो. त्यात हे विभाजनच येत नाही, म्हणून वाणाचे गुण टिकतात. हापूसची कोय लावली, तर मिळणारे झाड हापूससारखेच असेल याची खात्री नसते.

पैदासकारांना होणारा उपयोग

ओडिशातील ‘एफआर १३ए’ या भातात पुराच्या पाण्याखाली तग धरण्याचा ‘सब-१’ हा गुण नवव्या गुणसूत्रावर आहे. मात्र त्याच्या आसपासची जनुके नको होती. शास्त्रज्ञांनी ‘स्वर्णा’शी वारंवार संकर करून, या जनुकाच्या दोन्ही बाजूंना पारगती झालेली झाडे चाचणीने निवडली. त्यातून ‘स्वर्णा सब-१’ तयार झाला व २००९ मध्ये भारतात प्रसारित झाला. तो सुमारे दोन आठवडे पाण्याखाली तग धरू शकतो.

शेतकऱ्यांनी काय करावे?

- थैलीवर ‘संकरित’ असे लिहिले असल्यास त्या पिकाचे बियाणे पुढील पेरणीसाठी राखू नये.
- सोयाबीनच्या सरळ वाणाचे प्रमाणित बियाणे घेतल्यावर त्याचे घरचे बियाणे पुढील दोन-तीन हंगाम वापरता येते. भेसळ झाडे फुलोऱ्यात व काढणीपूर्वी उपटून टाकावीत.
- पेरणीपूर्वी १०० दाणे ओल्या गोणपाटात ठेवून उगवण तपासावी. ७० किंवा अधिक दाणे उगवल्यास शिफारशीइतके बियाणे वापरावे.
- तूर, बाजरी यांसारख्या पिकांत परपरागीकरण होते. सरळ वाणाचे बियाणे राखायचे असल्यास प्लॉट इतर वाणांपासून दूर ठेवावा.