अण्णा साळुंके : मूकपटातली पहिली तारामती

मराठी रंगभूमीवरच्या स्त्रीभूमिकांचा विषय निघाला की आपल्याला भाऊराव कोल्हटकर आठवतात, बालगंधर्व आठवतात. आज मी ज्या नटाविषयी बोलणार आहे, त्याने कधी तान घेतली नाही. प्रेक्षकांनी त्याचा आवाजच ऐकला नाही. तरी हिंदी चित्रसृष्टीच्या पहिल्या कथापटाची नायिका तोच. नाव अण्णा साळुंके.

१९१२ साली दादासाहेब फाळके 'राजा हरिश्चंद्र'च्या तयारीला लागले. हरिश्चंद्राच्या भूमिकेला दत्तात्रय दामोदर दाबके मिळाले, रोहिदासाला घरचाच भालचंद्र होता. अडले ते तारामतीपाशी. कुलीन घरच्या बायका येणे शक्यच नव्हते; पण ज्यांना समाजाने आधीच वाळीत टाकले होते, त्या वस्तीतल्या बायकांनीही हे काम नाकारले! सिनेमात तोंड दाखवणे त्यांनाही कमीपणाचे वाटले. त्या काळाची कल्पना यावी म्हणून हे सांगतो.

अखेर ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात कामाला असलेल्या या सडपातळ तरुणावर फाळक्यांची नजर गेली. नाजूक हात, लांब बोटे, सौम्य चेहरा. तिथे त्याला महिना दहा रुपये मिळत; फाळक्यांनी पंधरा देऊ केले, असे सांगतात. कलेसाठी त्याने सर्वस्वाचा त्याग वगैरे केला, असे म्हणण्याची गरज नाही. पाच रुपयांची वाढ ही त्या दिवसांत काही लहान गोष्ट नव्हती.

कुणी विचारील, नाटक मंडळ्यांत स्त्रीपार्टी नट थोडे का होते? होते, पण त्यांचे वैभव गळ्यात होते. पदाला 'वन्स मोअर' मिळाला की पदर जरा इकडेतिकडे झाला तरी चाले. मूकपटात गळ्याचा उपयोग शून्य. शोकही हाताने करायचा आणि विनवणीही. शिवाय पडद्यावर माणूस मोठा दिसतो, म्हणजे चूकही मोठी. फिल्म महाग, ती विलायतेहून यायची. तेव्हा पुन्हा पुन्हा चित्रण करण्याची चैन परवडणारी नव्हती. आणखी एक अडचण होती. त्या वेळच्या फिल्मला तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे. ओठांना लाली लावली तर पडद्यावर ओठ काळे! रंगभूमीवरची सारी रंगभूषा इथे निरुपयोगी ठरली. अशा वेळी रंगभूमीच्या सवयी अंगवळणी न पडलेला कोरा माणूसच बरा, हे फाळक्यांनी ओळखले, असे मला वाटते.

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात चित्रपट लागला. (योगायोग पाहा, त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली.) फाळक्यांच्या पुढच्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, यांनी कामे केली. म्हणजे स्त्रिया पडद्यावर आल्या होत्या. तरीही १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये सीता झाले ते साळुंकेच. आणि रामही तेच!

एकाच नटाने राम आणि सीता व्हावे, हे ऐकून आज हसू येते. पण कथा ध्यानात घ्या : सीताहरणानंतर कथेच्या मोठ्या भागात दोघे एकमेकांपासून दूरच असतात. अशोकवनातली सीता वेगळी, विरहात भटकणारा राम वेगळा. राम पडद्यावर येताच प्रेक्षक पायांतली पादत्राणे काढून ठेवीत, अशी आठवण त्या पिढीने सांगितली आहे. ते ज्याला हात जोडीत होते, त्याच माणसाच्या सीतेसाठी थोड्या वेळाने डोळे पुसत होते. दोन्ही वेळा त्यांना साळुंके दिसले नाहीत. नटाला याहून मोठी पावती कोणती?

पुढे साळुंके कॅमेऱ्यामागे गेले आणि छायालेखक म्हणून त्यांनी काम केले. एका जागी उभे राहून शोक करणारी तारामती हाताने हँडल फिरवू लागली, असे म्हणा ना! १९३१ साली 'आलम आरा' आला, पडदा बोलू लागला, आणि मुक्या नटांची पिढी मागे पडली.

'राजा हरिश्चंद्र'ची काही रिळे पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात राहिली आहेत. ती मूळ चित्रपटाची नसून १९१७ साली पुन्हा काढलेल्या प्रतीची असावीत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. तो वाद असो. आरंभीच राजा आपल्या मुलाला धनुर्विद्या शिकवतो आहे, आणि शेजारी तारामती उभी राहून पाहते आहे. कधी संधी मिळाली तर राजाकडे पाहू नका. तिच्या हातांकडे पाहा.