चौदा संघांचा पिचर

इंग्रजीतल्या 'जर्नीमन' या शब्दात 'जर्नी' दिसत असली तरी त्याचे मूळ प्रवासात नाही. फ्रेंचमध्ये 'जुर्ने' म्हणजे दिवस, किंवा दिवसभराचे काम. मध्ययुगीन युरोपातल्या कारागिरांच्या श्रेणींमध्ये तीन पायऱ्या असत. सर्वांत खाली शिकाऊ मुलगा, सर्वांत वर स्वतःचे दुकान असलेला उस्ताद, आणि या दोघांच्या मध्ये जर्नीमन. म्हणजे कसब पुरते शिकलेला, पण दुसऱ्याच्या दुकानात रोजावर राबणारा माणूस. आपल्याकडे 'रोजंदार कारागीर' म्हणता येईल. मराठीत 'रोजंदार' म्हटले की हातातले कसब मात्र नजरेआड होते, हा आपल्या भाषेचा दोष की समाजाचा, हे ज्याचे त्याने ठरवावे.

अमेरिकी क्रीडा पत्रकारांनी हा शब्द उचलला तो या संघातून त्या संघात फिरत राहिलेल्या खेळाडूसाठी. त्यात थोडी कीव असते, थोडी दादही असते. क्रिकेटमध्ये असा माणूस फ्रँचायझींच्या काळात आला. आरन फिंच आयपीएलमध्ये नऊ संघांकडून खेळला आणि त्यांत पुणे वॉरियर्सही होता. बेसबॉलमध्ये ही जात शंभर वर्षांहून जुनी आहे. तिचा सर्वांत ठळक नमुना म्हणजे एडविन जॅक्सन हा उजव्या हाताचा पिचर. २००३ ते २०१९ या सतरा हंगामांत तो मेजर लीगच्या चौदा संघांकडून खेळला. १५ मे २०१९ रोजी टोरोंटो ब्लू जेजच्या गणवेशात सॅन फ्रान्सिस्को जायंट्सविरुद्ध त्याने पहिला चेंडू टाकला, तेव्हा ऑक्टाव्हियो डोटेलचा तेरा संघांचा विक्रम मोडला.

त्याची कारकिर्दीची आकडेवारी अशी: १०७ विजय, १३३ पराभव, अर्न्ड रन ॲव्हरेज ४.७८. या शेवटच्या आकड्याचा अर्थ असा, की क्षेत्ररक्षकांच्या चुकांमुळे गेलेल्या धावा सोडल्या तर दर नऊ इनिंगमागे त्याने पावणेपाचच्या वर धावा दिल्या. चारच्या आसपास असलेला पिचर बरा समजला जातो, म्हणजे हा त्याच्याही खालचा. आता प्रश्न असा, की जिंकण्यापेक्षा सव्वीस सामने जास्त हरलेला माणूस चौदा संघांना हवा कशासाठी होता? एकदोघांची फसगत समजू शकते. चौदा वेळा फसणारा धंदा टिकत नाही.

याचे उत्तर खेळाच्या वेळापत्रकात आहे. मेजर लीगचा हंगाम १६२ सामन्यांचा, जवळजवळ रोज एक. सामना सुरू करणाऱ्या पिचरच्या खांद्यावर आणि कोपरावर इतका ताण येतो की त्याला मध्ये चार दिवस विश्रांती द्यावी लागते. म्हणून संघाला असे पाच पिचर लागतात आणि प्रत्येकाच्या वाट्याला वर्षाला सुमारे बत्तीस सामने येतात. पहिले दोघे नामांकित असतात. पाचवा, कधी चौथाही, बहुधा दुखापतीत तरी असतो किंवा कच्चा तरी. अशा वेळी दर पाचव्या दिवशी न कुरकुरता माउंडवर उभा राहणारा आणि पाच-सहा इनिंग ओढून नेणारा माणूस सोन्यासारखा वाटतो. अमेरिकेत अशाला 'इनिंग्ज खाणारा' म्हणतात. पाटा खेळपट्टीवर चहापानानंतर जुन्या चेंडूने पंधरा षटके टाकणारा मध्यमगती गोलंदाज डोळ्यांसमोर आणा. बळी फारसे मिळत नाहीत, पण तो नसता तर कर्णधाराला घाम फुटला असता. २००७ ते २०१३ असे सलग सात हंगाम जॅक्सनने दरवर्षी तीसहून जास्त सामने सुरू केले, आणि त्या सात वर्षांत तो सात वेगवेगळ्या संघांत होता.

शिवाय त्याच्या हातात वेग होता. दीडशे किलोमीटरच्या वरचा चेंडू तो सहज फेकायचा. असा हात पाहिला की प्रत्येक प्रशिक्षकाला वाटते, याची दिशा तेवढी मी सुधारीन. मला वाटते, जॅक्सनच्या अर्ध्या बदल्या या एका भाबड्या आशेवर झाल्या.

त्याचा जन्म ९ सप्टेंबर १९८३ चा, तेव्हाच्या पश्चिम जर्मनीतल्या नॉय-उल्मचा. वडील अमेरिकी लष्करात होते. पुढे कुटुंब जॉर्जिया राज्यातल्या कोलंबस गावी स्थिरावले. २००१ साली लॉस एंजेलिस डॉजर्सनी त्याला निवडले आणि २००३ मध्ये, बरोबर त्याच्या विसाव्या वाढदिवशी, मैदानात उतरवले. समोर ॲरिझोनाचा रँडी जॉन्सन, त्या काळचा सर्वांत धाक असलेला पिचर. जॅक्सनने सहा इनिंगमध्ये एकच धाव दिली आणि डॉजर्स ४-१ ने जिंकले. त्या रात्री त्याच्या भवितव्याविषयी कुणाला शंका आली असेल असे वाटत नाही. पण पुढची दोन वर्षे तो खालच्या लीगमध्ये चाचपडत राहिला, आणि जानेवारी २००६ मध्ये डॉजर्सनी त्याला टँपा बेला देऊन टाकले. तिथे २००७ साली पाच विजय आणि पंधरा पराभव. २००८ मध्ये मात्र चौदा विजय, आणि तोवर तळाशी राहिलेला तो संघ थेट वर्ल्ड सीरिजमध्ये. बक्षीस काय, तर त्या डिसेंबरात डेट्रॉइटला रवानगी. डेट्रॉइटमध्ये तो ऑल-स्टार झाला. पुन्हा डिसेंबर, आणि आता ॲरिझोना. या व्यवहारात ॲरिझोनाने डेट्रॉइटला जो तरुण पिचर दिला त्याचे नाव मॅक्स शर्झर. पुढे त्याने तीन वेळा साय यंग पारितोषिक पटकावले. दोघांच्या वयात वर्षभराचेसुद्धा अंतर नाही. त्या दिवशी कागदावर दोघांची किंमत साधारण सारखी धरली गेली होती.

खेळाडूला असे न विचारता देऊन टाकता कसे येते, असे क्रिकेटवर वाढलेल्या वाचकाला वाटेल. १९७५ पर्यंत तर 'रिझर्व्ह क्लॉज' नावाच्या कलमामुळे खेळाडू जन्मभर एकाच संघाचा बांधील असे. संघ त्याला विकू शके, पण तो स्वतः जाऊ शकत नसे. १९६९ मध्ये सेंट लुइसने कर्ट फ्लडला फिलाडेल्फियाला देण्याचे ठरवले. फ्लडने नकार दिला. आपण खरेदी-विक्रीची वस्तू नाही, असे त्याने बेसबॉलच्या आयुक्तांना लेखी कळवले आणि तो न्यायालयात गेला. १९७२ मध्ये सर्वोच्च न्यायालयात तो पाच विरुद्ध तीन मतांनी हरला, आणि त्याची कारकीर्दही संपली. तीन वर्षांनी पीटर साइट्झ या लवादाने दुसऱ्या दोन पिचरांच्या दाव्यात ते कलम मोडीत काढले. त्यानंतरच्या तडजोडीत ठरले की मेजर लीगमध्ये सहा वर्षे सेवा झाली की खेळाडू मोकळा होतो. तोवर मात्र मालकाची मर्जी. म्हणून जॅक्सनच्या पहिल्या साऱ्या बदल्यांत त्याला कुणी विचारले नाही. फ्लडच्या लढ्यामुळे आणखी एक हक्क मिळाला. दहा वर्षे सेवा आणि त्यांतली शेवटची सलग पाच एकाच संघात झाली असतील, तर खेळाडू आपली बदली नाकारू शकतो. जॅक्सनची दहा वर्षे भरली, पण सलग पाच वर्षे त्याला कुणी ठेवलेच नाही. ज्याला त्या हक्काची सर्वांत जास्त गरज, त्याच्यापर्यंत तो पोचू शकत नाही, अशी त्या नियमाची रचना आहे.

आता २५ जून २०१० ची रात्र. ॲरिझोनाच्या गणवेशात जॅक्सन आपल्या जुन्या टँपा बे संघाविरुद्ध त्यांच्याच मैदानावर खेळत होता. 'नो-हिटर' म्हणजे सत्तावीस फलंदाज बाद होईपर्यंत एकालाही हिट मिळू न देणे. कित्येक महान पिचरांना आयुष्यभरात ते साधत नाही. बहुतेक नो-हिटर डौलदार असतात. जॅक्सनचा तसा नव्हता. चार चेंडू पट्ट्याबाहेर गेले की फलंदाज फुकटात पहिल्या बेसवर जातो, त्याला वॉक म्हणतात. पहिल्या तीन इनिंगमध्ये जॅक्सनने असे सात जण फुकट सोडले. तिसऱ्या इनिंगमध्ये तर तिन्ही बेस भरलेले आणि बाद एकही नाही. तिथून तो धाव न देता निसटला. त्यानंतर चेंडू हळूहळू पट्ट्यात पडू लागले. पिचरने शंभरी गाठली की व्यवस्थापक त्याला बाहेर काढण्याच्या बेतात असतो. पण हिट पडली नव्हती, आणि ए. जे. हिंच या तरुण व्यवस्थापकाने त्याला आत ठेवले. एकूण चेंडू १४९, वॉक आठ, हिट शून्य. ॲरिझोनाने सामना १-० ने जिंकला.

मला हा सामना जॅक्सनच्या साऱ्या कारकिर्दीचे खरे चित्र वाटतो. हात अफाट, दिशा बेभरवशाची, आणि चिकाटी अशी की घामाने निथळत का होईना पण माणूस शेवटपर्यंत उभा. त्याच्या कौतुकाचे आयुष्य मात्र लहान ठरले. सहाव्या दिवशी हिंचची नोकरी गेली, आणि पस्तिसाव्या दिवशी जॅक्सन शिकागो व्हाइट सॉक्सला देण्यात आला.

बदली म्हणजे बॅग भरणे एवढेच नसते. पिचरचे खरे काम दोघांचे असते, कारण समोर बसलेला कॅचर कोणता चेंडू टाकायचा ते तेव्हा बोटांनी सुचवत असे. याच्या खुणा वेगळ्या, त्याचा अंदाज वेगळा. थकल्यावर या पिचरचा चेंडू कुठे भरकटतो, हे कॅचरला कळायला महिने जातात. जॅक्सनची ही ओळख जेमतेम व्हायची की दुसऱ्या गावी नव्याने सुरुवात. मुलांच्या शाळा, भाड्याचे घर, गाडी, या गोष्टी आकडेवारीत येत नाहीत.

२७ जुलै २०११ चा दिवस या गोष्टीतला सर्वांत चमत्कारिक. व्हाइट सॉक्सनी जॅक्सनला टोरोंटोला दिले आणि टोरोंटोने त्याच दिवशी त्याला सेंट लुइस कार्डिनल्सकडे पाठवले. तो टोरोंटोत पोचलाच नाही, म्हणून तो संघ तेव्हा त्याच्या यादीत धरला गेला नाही. विक्रमासाठी प्रत्यक्ष खेळावे लागते. आठ वर्षांनी त्याच टोरोंटोने त्याला खरोखर बोलावले, आणि चौदावा आकडा भरला तो तिथेच. त्या दिवशी टोरोंटोहून सेंट लुइसला जॅक्सनबरोबर आणखी एक पिचर पाठवला गेला होता. तो ऑक्टाव्हियो डोटेल. म्हणजे तेरा संघांचा विक्रमवीर आणि तो विक्रम पुढे मोडणारा, दोघे एकाच व्यवहारातले. त्या ऑक्टोबरात कार्डिनल्सनी सात सामन्यांची वर्ल्ड सीरिज जिंकली. जॅक्सनने चौथा सामना सुरू केला, सात वॉक दिले आणि तो सामना टेक्सासने जिंकला. विजेत्याची अंगठी मात्र त्याला मिळाली.

मग तो मोकळा झाला. एक वर्ष वॉशिंग्टनमध्ये, आणि त्यानंतर शिकागो कब्जशी चार वर्षांचा, ५ कोटी २० लाख डॉलरचा करार. आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी त्याला चार वर्षे ठेवायचे ठरवले होते. पहिल्याच वर्षी आठ विजय आणि अठरा पराभव, पुढल्या वर्षी सहा आणि पंधरा, ॲव्हरेज सहाच्या वर. जुलै २०१५ मध्ये कब्जनी त्याला सोडून दिले.

यापुढचे अर्थकारण समजून घेण्यासारखे आहे. मेजर लीगचे करार हमीचे असतात. खेळाडूला काढले तरी ठरलेले पैसे द्यावेच लागतात. म्हणजे २०१६ अखेरपर्यंत जॅक्सनचा पगार कब्जच भरणार होते, आणि त्याला घेणाऱ्या नव्या संघाला लीगचे किमान वेतन दिले की पुरे. त्यामुळे अपयशानेच त्याला स्वस्त आणि हवाहवासा केला. अटलांटा, मायामी, सॅन डिएगो, मग बाल्टिमोर असे संघ भराभर वाढले. दुखापतीने कुणाची जागा रिकामी झाली की त्याला बोलवायचे, आणि जागेवरचा माणूस बरा झाला की यादीतून काढायचे. यालाच मी वर रोजंदारी म्हटले.

या उतरणीवर एक सपाट जागा आली ती २०१८ मध्ये, ओकलंडला. तिथले पिचर एकामागून एक जायबंदी झाले होते. जून महिन्यात चौतीस वर्षांचा जॅक्सन आला, सतरा सामने सुरू केले, सहा जिंकला, तीन हरला, ॲव्हरेज ३.३३. ओकलंड त्या वर्षी ९७ सामने जिंकून प्लेऑफमध्ये गेला. पुढच्या वर्षी मात्र ओकलंडने नुसत्या रोख रकमेच्या बदल्यात त्याला टोरोंटोला दिले. विक्रम झाला तो हंगाम त्याच्या कारकिर्दीतला सर्वांत वाईट. ॲव्हरेज नऊच्या वर, आणि शेवटचे सामने पुन्हा डेट्रॉइटमध्ये.

त्यानंतर मेजर लीगचे दार उघडले नाही. टोकियो ऑलिंपिकच्या अमेरिकी संघात चालू मेजर लीग खेळाडू नव्हते. उगवती मुले आणि मावळते अनुभवी, अशी ती मोट होती, आणि सदतीस वर्षांचा जॅक्सन तिच्यात होता. ऑगस्ट २०२१ मध्ये अंतिम सामन्यात जपानने त्यांना २-० ने हरवले आणि रौप्यपदक मिळाले. सप्टेंबर २०२२ मध्ये त्याने निवृत्ती जाहीर केली.

जुलै २०२५ मध्ये रिच हिल हा पंचेचाळीस वर्षांचा डावखुरा पिचर कॅन्सास सिटीकडून खेळला आणि त्याचेही चौदा संघ झाले. तो पहिला सामना शिकागो कब्जविरुद्ध होता, म्हणजे वीस वर्षांपूर्वी ज्या संघाकडून त्याने सुरुवात केली त्याच संघाविरुद्ध. दोन सामन्यांनंतर कॅन्सास सिटीने त्याला यादीतून काढले.